एक गाडी, दोन नावे

(नभोवाणीवरून प्रसारित झालेल्या भाषणाचा संपादित अंश)

श्रोतेहो, नाव बदलले की वस्तू बदलते का, हा प्रश्न तसा तत्त्वज्ञानाचा. पण मोटारगाड्यांच्या धंद्यात तो रोजच्या व्यवहाराचा आहे. चाकणच्या कारखान्यात काही वर्षे एकाच साच्यावरच्या दोन गाड्या तयार होत. एकीवर फोक्सवॅगनचे चिन्ह लागायचे, ती 'व्हेंटो'. दुसरीवर स्कोडाचे, ती 'रॅपिड'. आज दोन्ही बंद झाल्या आहेत. मारुतीची बलेनो २०१९ साली टोयोटाच्या दालनात 'ग्लान्झा' नावाने उभी राहिली. तरीही 'आमची टोयोटा आहे, मारुती नाही' असे ठासून सांगणारे सद्गृहस्थ आपल्याला भेटतातच. एकाच कढईतला चिवडा दोन दुकानांत दोन पुड्यांतून विकला, तर गिऱ्हाईक दुकान बघून चव ठरवते, त्यातला हा प्रकार.

आज मी ज्या गाडीबद्दल बोलणार आहे, ती मात्र आपल्याकडे कधी विकली गेली नाही. अमेरिकेतल्या डेट्रॉईट शहरात जन्मलेली, ठोकळ्यासारख्या आकाराची, दिसायला अगदी सामान्य. १९८१ सालचे मॉडेल म्हणून ती बाजारात आली आणि १९८९ मध्ये बंद झाली. डॉजच्या दुकानात तिचे नाव 'एरीज' आणि प्लिमथच्या दुकानात 'रिलायंट'. पुढची जाळी वेगळी, मागचे दिवे थोडे वेगळे, चिन्ह वेगळे. बाकी सांगाडा, इंजिन, दारे, बैठक सगळे एकच. दोघींना मिळून लोक म्हणत 'के-कार', कारण कंपनीच्या आराखड्यात त्या सांगाड्याचे नाव 'के' होते. या साध्या गाडीवर एका काळी एक अवाढव्य कंपनी, तिचे लाखभराहून अधिक कामगार आणि अमेरिकी सरकारने दिलेला शब्द, असे सगळे तोलून धरलेले होते.

पण मुळात दोन नावे का? याचे उत्तर कारखान्यात मिळत नाही, ते दुकानात मिळते. वॉल्टर क्रायसलर या उद्योजकाने १९२० च्या दशकात आपल्या नावाची कंपनी काढली. १९२८ साली त्याने दोन गोष्टी केल्या. स्वस्त गाड्यांसाठी 'प्लिमथ' हे नवे नाव सुरू केले आणि डॉज ही चालती कंपनी विकत घेतली. डॉज बंधू दोघेही १९२० सालीच वारले होते. कंपनी बँकवाल्यांच्या हातात होती. डॉजबरोबर तिचे गावोगावचे विक्रेतेही आले. आता एका घरात दोन संसार झाले. प्लिमथ विकणारे विक्रेते वेगळे, डॉज विकणारे वेगळे. एखादी गाडी चांगली निघाली की दोघेही म्हणणार, आम्हालाही द्या. नाही दिली तर शेकडो गावांतली दुकाने ओस पडणार. मग एकच गाडी दोन मुखवटे घालून दोन्हीकडे पाठवायची, हा रिवाज पडला.

या रिवाजाची आपल्या मुंबईलाही जुनी ओळख आहे. वालचंद हिराचंद यांनी १९४४ साली प्रीमियर ऑटोमोबाईल्स ही कंपनी स्थापन केली. तिचा करार क्रायसलरशीच होता. १९४७ साली, म्हणजे देश स्वतंत्र होत होता त्याच वर्षी, कुर्ल्याच्या कारखान्यातून गाड्या बाहेर पडू लागल्या. त्यांच्यावर नावे होती डॉज, प्लिमथ आणि डिसोटो. जुन्या मुंबईकरांना ती भारदस्त धुडे आठवत असतील. मालमोटारींवर डॉजच्या जोडीने 'फार्गो' हेही नाव असे. फार्गो चांगली की डॉज चांगली, यावर ट्रकवाल्यांनी हमरीतुमरीवर यावे आणि दोन्ही ट्रक सख्खे भाऊ असावेत, अशी ती गंमत होती. पुढे पन्नाशीच्या दशकात प्रीमियरने इटलीच्या फियाटशी संधान बांधले आणि मुंबईच्या रस्त्यांवर छोटी फियाट आली. तिचीच पुढे 'पद्मिनी' झाली. क्रायसलर आणि फियाट ही दोन नावे अशी कुर्ल्यात एका छपराखाली नांदली होती. हे लक्षात ठेवा. शेवटी त्याचा संदर्भ येणार आहे.

आता १९७८ च्या डेट्रॉईटला जाऊ. फोर्ड कंपनीचे अध्यक्ष ली आयकोका यांना मालक हेन्री फोर्ड दुसरे यांनी जुलैमध्ये नारळ दिला. नोव्हेंबरमध्ये आयकोका क्रायसलरमध्ये आले. आले आणि पाहतात तो घर आतून पोखरलेले. मागणी नसतानाही कारखाने गाड्या तयार करत होते आणि त्या मोकळ्या मैदानांत ऊन-पाऊस खात उभ्या होत्या. त्यातच १९७९ साली इराणमध्ये क्रांती झाली. पेट्रोलचे भाव कडाडले, पंपांवर रांगा लागल्या. अमेरिकन गिऱ्हाईक मोठ्या गाड्यांकडे पाठ फिरवून जपानी छोट्या गाड्यांकडे वळले. क्रायसलरला १९७९ या एका वर्षात सुमारे ११० कोटी डॉलर तोटा झाला. १९८० मध्ये तो सुमारे १७० कोटींवर गेला. अमेरिकेतल्या कोणत्याही कंपनीला तोवर एका वर्षात एवढा तोटा झालेला नव्हता.

कंपनीने सरकारचे दार ठोठावले आणि अमेरिकेत मोठा वाद पेटला. मुक्त बाजाराचे गोडवे गाणाऱ्या देशात बुडत्या कंपनीला सरकारने हात द्यायचा का? सिनेटच्या बँकिंग समितीचे अध्यक्ष विल्यम प्रॉक्समायर ठाम विरोधात होते. मिल्टन फ्रीडमन यांच्यासारखे अर्थतज्ज्ञही विरोधात होते. त्यांचा युक्तिवाद काही चुकीचा नव्हता. नफा झाला तर मालकाचा आणि तोटा झाला तर जनतेचा, हा कुठला न्याय? आज एकीला वाचवले, तर उद्या दुसरी येईल. दुसऱ्या बाजूला प्रश्न होता माणसांचा. क्रायसलर बंद पडली असती तर तिचे कामगार तर गेलेच असते. त्यांच्यामागे सुटे भाग पुरवणारे छोटे कारखाने, विक्रेते आणि या सगळ्यांवर जगणारी गावेही गेली असती. बेकारभत्ता आणि बुडालेला कर यांचा हिशेब केला, तर वाचवण्यापेक्षा बुडू देणे सरकारला महाग पडेल, असे कंपनीचे म्हणणे होते.

अखेर डिसेंबर १९७९ मध्ये कायदा संमत झाला आणि ७ जानेवारी १९८० रोजी राष्ट्राध्यक्ष जिमी कार्टर यांनी त्यावर सही केली. सरकारने रोख पैसे दिले नाहीत, हे इथे नीट समजून घेतले पाहिजे. सरकार फक्त १५० कोटी डॉलरपर्यंतच्या कर्जाला जामीन राहिले. आणि जामीन राहण्यापूर्वी अट घातली, की बाकीच्या सर्वांनी मिळून सुमारे २०० कोटी डॉलरची झीज सोसावी. चारशेच्या आसपास बँकांनी आपल्या येण्यावर पाणी सोडायचे किंवा थांबायचे. पुरवठादारांनी, विक्रेत्यांनी, राज्यांनी आपापला वाटा उचलायचा. आणि कामगारांनी पगार कमी करून घ्यायचा.

मोटार कामगारांची संघटना ही अमेरिकेतली मोठी ताकदवान संघटना. तिने ठरलेली पगारवाढ सोडली. एकदा नव्हे, दीड वर्षात तीनदा तिने सवलती दिल्या. १९८१ च्या सुरुवातीच्या तिसऱ्या खेपेला तर प्रत्यक्ष मजुरीत तासाला एक डॉलरहून अधिक कपात झाली. बदल्यात संघटनेचे अध्यक्ष डग्लस फ्रेझर १९८० साली कंपनीच्या संचालक मंडळावर बसले. कामगार पुढारी मालकांच्या टेबलाशी, हे अमेरिकेत नवलच होते. आयकोकांनी स्वतःचा पगार वर्षाला एक डॉलर केला, त्याची छायाचित्रे सगळीकडे छापून आली. कामगाराच्या घरी महिन्याच्या खर्चाला किती कात्री लागली, याची छायाचित्रे कोण छापणार?

आणि कित्येकांच्या वाट्याला कात्री लावायला पगारही उरला नाही. डेट्रॉईटला लागून हॅमट्रॅमक नावाचे गाव आहे. तिथे पोलंडहून आलेल्या कष्टकऱ्यांची मोठी वस्ती होती आणि गावातच डॉज बंधूंचा जुना, कित्येक मजली कारखाना. १९८० च्या जानेवारीत, कार्टर यांची सही झाली त्याच सुमारास तो कायमचा बंद झाला. 'क्रायसलर वाचली' असे आपण म्हणतो, त्यातून हा कारखाना वगळावा लागतो.

एवढे सगळे झाले ते कशाच्या भरवशावर? तर के-कारच्या. पैसा मिळून उपयोग काय, विकायला काही हवे ना! इथे एक गोष्ट कंपनीच्या पथ्यावर पडली. ही गाडी संकट आल्यावर घाईने काढलेली नव्हती. तिचे काम आधीपासून चालू होते, आणि हॅल स्पर्लिच या अभियंत्याने छोट्या, पुढच्या चाकांवर चालणाऱ्या गाड्यांचा आग्रह धरून तो विचार पुढे नेला होता. स्पर्लिच हेही आयकोकांप्रमाणे फोर्डमधून बाहेर पडलेले.

पुढच्या चाकांवर चालणारी म्हणजे काय? जुन्या अमेरिकन गाडीत इंजिन पुढे आणि ओढ मागच्या चाकांना. मग गाडीच्या पोटाखालून एक लांब दांडा मागे न्यावा लागे आणि त्यासाठी बसायच्या जागेत मधोमध उंचवटा येई. के-कारमध्ये इंजिन आडवे बसवले आणि शक्ती पुढच्याच चाकांना दिली. दांडा गेला, उंचवटा जवळपास गेला, वजनही कमी झाले. बाहेरून छोटी दिसणारी ही गाडी आत ऐसपैस झाली. पुढे-मागे सलग बाकासारख्या बैठका, पुढे तिघे आणि मागे तिघे. चार सिलिंडरचे २.२ लिटरचे इंजिन कंपनीने स्वतः नव्याने बनवले होते. गाडीची लांबी सुमारे १७६ इंच, म्हणजे साडेचार मीटरच्या आत. ती तशी ठेवण्यामागे एक व्यवहारी हिशेब होता. रेल्वेच्या वाघिणीत ठरावीक लांबीच्या जास्तीत जास्त गाड्या मावल्या पाहिजेत, म्हणजे दर गाडीमागे वाहतुकीचा खर्च वाचतो. अशा ठिकाणी पैसे वाचतात, आणि गिऱ्हाइकाला त्याचा पत्ताही लागत नाही.

ऑगस्ट १९८० मध्ये डेट्रॉईटच्या जेफर्सन ॲव्हेन्यूवरच्या कारखान्यातून पहिली गाडी बाहेर आली. 'मोटर ट्रेंड' या मासिकाने एरीज आणि रिलायंट या जोडीला १९८१ ची 'वर्षाची गाडी' म्हणून निवडले. सगळे जुळून आले असे वाटत असतानाच विक्री अडखळली. कंपनीने जाहिरात केली ती सहा हजार डॉलरच्या आतल्या साध्या गाडीची. पण दुकानांत पाठवल्या त्या वातानुकूलन आणि आणखी कितीतरी सोयी बसवलेल्या महाग गाड्या. स्वस्त गाडी घ्यायला आलेले गिऱ्हाईक किंमत ऐकून परत जाऊ लागले. त्यातच अमेरिकेत व्याजाचे दर वीस टक्क्यांच्याही वर गेले. कर्ज काढून गाडी घ्यायची कुणाची छाती होईना. पहिल्या वर्षीच्या चार दारांच्या गाडीत मागच्या काचा खाली होत नसत, हीही एक तक्रार होती.

कंपनीने सुधारणा केली. साध्या गाड्या दुकानांत पाठवल्या. व्याजदराशी जोडलेली सूट दिली. मागच्या काचा खाली होऊ लागल्या. आयकोका स्वतः दूरचित्रवाणीच्या जाहिरातीत उभे राहून, यापेक्षा चांगली गाडी कुठे मिळाली तर खुशाल घ्या, असे लोकांना सांगू लागले. हळूहळू गाडीने जम बसवला. दरम्यान, घरातले सोनेही विकावे लागले होते. रणगाडे बनवणारा क्रायसलरचा विभाग चांगला चालत होता. तो १९८२ साली जनरल डायनॅमिक्सला विकून टाकला.

सरकारच्या जामिनावर कंपनीने प्रत्यक्षात १२० कोटी डॉलर उचलले होते. १९८३ च्या उन्हाळ्यात, मुदतीच्या तब्बल सात वर्षे आधी, ते सगळे फेडले. आता एक मजेची गोष्ट. जामीन राहताना सरकारने कंपनीचे समभाग ठरावीक भावाने घेण्याचा हक्क स्वतःकडे लिहून घेतला होता. तेव्हा त्या कागदाला फारशी किंमत नव्हती. समभाग वधारले तसा तो कागद सोन्याचा झाला. आता ते सोडून द्या, अशी विनंती कंपनीने करून पाहिली. सरकारने मानली नाही. लिलाव झाला आणि आपलेच हक्क परत घ्यायला कंपनीला ३१ कोटी डॉलरहून अधिक रक्कम मोजावी लागली. सरकार धोका पत्करणार असेल तर लाभातही त्याचा वाटा हवा, हे तत्त्व तिथे कागदावर होते म्हणूनच पाळले गेले. १९८४ मध्ये कंपनीला जवळजवळ २४० कोटी डॉलर नफा झाला.

श्रोतेहो, इथे थांबलो तर ही गोष्ट गोड होईल. पण ती इथे थांबत नाही.

'के'चा सांगाडा लाभला म्हटल्यावर कंपनीने त्याच एका पिठाच्या पोळ्याही लाटल्या आणि पुऱ्याही तळल्या. उघड्या टपाची गाडी, ऐटबाज लांब गाडी, खेळकर गाडी, सगळ्यांच्या मुळाशी तेच. १९८३ च्या अखेरीस आलेली मिनीव्हॅन ही त्यातली सर्वांत यशस्वी. तिलाही दोन नावे, डॉजची 'कॅरॅव्हॅन' आणि प्लिमथची 'व्हॉयेजर'. पण बाकीच्या गाड्यांना लोक कंटाळले. नवे नाव, नवे रूप म्हणून बघायला जावे तर आत तीच ओळखीची मावशी. १९८९ मध्ये एरीज-रिलायंट बंद झाल्या. जेफर्सन ॲव्हेन्यूचा तो कारखानाही पुढे पाडला गेला आणि शेजारी नवा उभा राहिला.

जुळ्यांपैकी एकीवर तर कायमचाच पडदा पडला. दोन नावे सांभाळायची तर दोन जाहिराती, दोन छापील पत्रके, दोन प्रकारच्या जाळ्या आणि दिवे. आणि दोन दुकाने एकमेकांचेच गिऱ्हाईक ओढणार. नव्वदच्या दशकात प्लिमथकडे जवळपास स्वतःचे असे काही उरले नाही. 'निऑन' ही छोटी गाडी आली तेव्हा वेगळे नाव देण्याचीही तसदी कंपनीने घेतली नाही. डॉज निऑन आणि प्लिमथ निऑन, एवढाच फरक. जून २००१ मध्ये शेवटची प्लिमथ कारखान्यातून बाहेर पडली. १९२८ पासूनचे नाव संपले. ते नाव वर्षानुवर्षे सांभाळायला कारण होते ते दुकानांचे. गाडी तर दुसऱ्या नावानेही विकली जातच होती.

२००९ साली क्रायसलरवर पुन्हा तीच वेळ आली. या वेळी कंपनीने दिवाळे जाहीर केले. सरकारने पुन्हा हात दिला, आणि या खेपेला सुमारे १३० कोटी डॉलर परत आले नाहीत. कंपनी हाती घेऊन उभी करायला पुढे आली ती इटलीची फियाट. आपल्या कुर्ल्यात जी दोन नावे एकापाठोपाठ नांदली, त्यांचे लग्न साठ वर्षांनी अमेरिकेत लागले. २०२१ मध्ये त्या घरात फ्रान्सची प्यूजोही आली आणि 'स्टेलांटिस' हे नवे आडनाव लागले. पुण्याजवळ रांजणगावला फियाट आणि टाटांच्या संयुक्त कारखान्यात २०१७ पासून जीपच्या गाड्या बनू लागल्या, ती जीपही याच कुटुंबातली. कुर्ल्याच्या कारखान्याच्या जागी मात्र आज घरे आणि दुकाने उभी आहेत. पद्मिनीचे उत्पादन शतकाच्या वळणावर थांबले. मुंबईतल्या टॅक्सींमधली शेवटची पद्मिनी ऑक्टोबर २०२३ मध्ये रस्त्यावरून उतरली. तिच्यासाठी कुठल्या सरकारने जामीन राहावे, असा वाद कधी झाला नाही.

के-कारच्या या कथेतून काय घ्यावे? 'एका कर्तबगार माणसाने कंपनी वाचवली', असे व्यवस्थापनाच्या वर्गात सांगतात. आयकोकांची कर्तबगारी खरीच. २०१९ मध्ये ते गेले तेव्हा लोकांनी त्यांना या कामगिरीसाठीही आठवले. पण हिशेब मांडून पाहिला तर त्यात अनेक हात दिसतात. आराखडे करणारे अभियंते, थांबलेल्या बँका, विरोध करून अटी कडक करायला लावणारे लोकप्रतिनिधी आणि पगार सोडणारे कामगार. ज्यांनी विरोध केला तेही या यशाचे भागीदार आहेत, असे मला वाटते. त्यांनी धारेवर धरले नसते तर जामीन इतक्या सावधपणे लिहिला गेला नसता.

एखादा बुडता उद्योग, बँक किंवा साखर कारखाना वाचवायचा का, हा वाद आपल्याकडेही दर काही वर्षांनी होतो. तेव्हा तीन प्रश्न विचारावेत. वाचल्यावर विकायला तुमच्याकडे काय आहे? झीज कोणकोण सोसणार आहे? आणि फायदा झाला तर तो कोणाच्या पदरात पडणार आहे? १९८० साली क्रायसलरकडे पहिल्या प्रश्नाचे उत्तर तयार होते. त्याला चार दारे होती, सहा जणांची बैठक होती, आणि पुढच्या जाळीवर कधी एक तर कधी दुसरे चिन्ह होते.